एक झटका म्हणजे ठीक आहे

वॉर्डातल्या मोठ्या सिस्टरनी मला वही आणून दिली, तेव्हा मी त्यातच लिहून विचारलं होतं, 'हिच्यात काय लिहू?' त्या म्हणाल्या, "तुमचं झालं तसंच दुसऱ्या पेशंटचं पण होणार असतं. ते बाहेर बाकड्यावर बसतात, कोणाशी बोलत नाहीत. त्यांच्यासाठी लिहा." पुढचे तीन महिने मी त्या वहीत 'पाणी', 'उशी', 'पंखा कमी कर' आणि 'टीव्ही बंद' एवढंच लिहिलं. आता दीड वर्ष झालं. वहीची निम्मी पानं कोरी आहेत आणि ते बाकडं काही रिकामं झालेलं नाही. तेव्हा लिहितो.

मी विलास. मूळ गाव महाडकडचं, सावित्रीच्या काठावरचं. राहायला खांदेश्वरला, तिसऱ्या मजल्यावर. सोसायटीला लिफ्ट आहे, पण ती मनात आलं तर चालते. नौदलात बावीस वर्षं काढली, त्यातली सोळा मरीन कमांडो म्हणून. चीफ पेटी ऑफिसर होऊन निवृत्त झालो आणि न्हावा शेव्याला एका कंटेनर यार्डात सिक्युरिटीच्या कामाला लागलो. घरात बाबासाहेबांच्या फोटोखाली काचेच्या पेटीत माझं शौर्यपदक आहे. पाहुणे आले की बायको त्यांना आधी बाबासाहेबांना हात जोडायला लावते आणि मग पदक दाखवते. हा क्रम तिने ठरवलाय आणि तो बरोबरच आहे.

मला स्वरयंत्राचा कॅन्सर झाला. स्वरयंत्र पूर्ण काढलं. आता गळ्याच्या खाली, शर्टाच्या वरच्या गुंडीशी, एक भोक आहे आणि श्वास तिथूनच चालतो. नाकातोंडाचा आणि फुप्फुसाचा संबंध कायमचा तुटला. वैद्यकीय माहिती माझ्याकडून एवढीच. बाकीचं डॉक्टरांना विचारा. मोबाइलला विचारू नका, तो माणसाला आधी मारतो आणि मग माहिती देतो.

सर्दी लपवायची विद्या

पाण्याखाली काम करणाऱ्या माणसाला सर्दी परवडत नाही. नाक चोंदलेलं असताना खाली गेलं तर कानाचा पडदा फाटू शकतो, म्हणून सर्दी दिसली की डॉक्टर पाण्यात उतरू देत नाहीत. एकदा 'अनफिट' लिहिलं की तुमची टीम तुमच्याशिवाय जाते. आणि टीम गेली, तुम्ही बराकीत गादीवर बसलात, यापेक्षा वाईट आमच्या जगात काही नव्हतं.

त्यामुळे आम्ही सगळे पक्के चोर. शिंक आली की संडासात जाऊन शिंकायचं. डॉक्टरांच्या खोलीत शिरण्याआधी गरम पाण्याची वाफ घ्यायची, नाक पुसून कोरडं करायचं. "कसा आहेस?" "एकदम ठीक, सर." सोळा वर्षं हेच म्हणालो. गुडघा सुजला, ठीक. ताप आला, ठीक. शेवटी शेवटी मला स्वतःलाच कळेना मी कधी ठीक असतो आणि कधी नसतो.

तर माझा आवाज बसला तेव्हाही मी तो लपवला. यार्डात दिवसभर ट्रकवाल्यांवर ओरडावं लागतं, धूळ असते, आणि खरं सांगायचं तर निवृत्तीनंतर चहाबरोबर सिगारेट लागली होती. पथकात असताना कधी शिवलो नव्हतो, आणि पन्नाशीत ही थेरं. वंदना, म्हणजे माझी बायको, रोज म्हणायची, "अहो, एकदा दाखवा की."

"घसा आहे गं. बसतो, उठतो."

"सात महिने बसलाय. उठायचं नाव नाही."

मी ज्येष्ठमध चघळला, मिठाच्या गुळण्या केल्या, आल्याचा रस घेतला. मग फोन घेणंच बंद केलं. मुलगी प्राची म्हणाली, "पप्पा, तुम्ही हल्ली शेजारच्या खोलीतून पण मेसेज का करता?" तेव्हा मी पकडला गेलो. बाकड्यावरच्या मित्रा, तुझ्या घरात कुणाचा आवाज तीन आठवडे बसलेला असेल तर त्याची कॉलर धरून त्याला डॉक्टरकडे ने. तो 'ठीक आहे' म्हणेल. ऐकू नकोस.

दोरी

पुढचं कळायला आधी दोरीची गोष्ट सांगावी लागेल.

गढूळ पाण्यात हाताचं बोट दिसत नाही. अशा वेळी खाली जाणाऱ्याच्या कमरेला दोरी बांधतात आणि तिचं दुसरं टोक वरच्या माणसाच्या हातात असतं. वरून एक झटका, म्हणजे ठीक आहेस का? खालून एक झटका, म्हणजे ठीक आहे. खालून चार झटके, म्हणजे मला वर ओढ. आणखीही खुणा असतात, पण जीव या दोन खुणांवर चालतो.

आमच्यात प्रत्येकाला एक जोडीदार ठरवून दिलेला असतो, त्याला बडी म्हणतात. माझा बडी सदाशिव, साताऱ्याकडचा. जेवण, झोप, मार, शिव्या, सगळं दोघांना मिळून. मी खाली असलो की दोरी सदाच्या हातात.

एकदा खवळलेल्या समुद्रात एक मासेमारीची बोट उलटली होती. उलट्या बोटीच्या पोटात थोडी हवा अडकली होती आणि तिच्यात दोन माणसं जिवंत होती. आतून लाकडावर ठोकत होती. मी आत शिरून पहिल्याला आणलं. दुसऱ्यासाठी गेलो तेव्हा माझा डावा पाय जाळ्यात अडकला. जाळं सुटेना, हवा संपत आलेली. तेवढ्यात सदाचा एक झटका आला. मी एक झटका दिला. ठीक आहे.

मग कसंबसं जाळं कापलं आणि दुसऱ्यालाही घेऊन वर आलो. डेकवर सगळे टाळ्या वाजवत होते. सदाने माझा कापलेला पाय बघितला आणि सगळ्यांसमोर मला थोबाडीत मारली.

"इल्या, खोटा झटका दिलास तू! वर मला काय कळनार? मी काय द्येव हाय?"

मी हसलो. त्याच कामगिरीचं मला पदक मिळालं. त्या कागदावर धैर्याबद्दल बरंच लिहिलंय, खोट्या झटक्याबद्दल काही नाही. ते सदाला माहीत होतं आणि मला.

मॅडम सरळ बोलल्या

तपासण्या झाल्या आणि डॉक्टर मॅडमनी आम्हा तिघांना बसवून सांगितलं. उशीर झालाय, स्वरयंत्र पूर्ण काढावं लागेल, मग सहा आठवडे शेक, म्हणजे रेडिएशन. आवाज जाईल, पण पुढे वेगळ्या प्रकाराने बोलता येईल. वंदना पदर तोंडाला लावून रडत होती. प्राचीने वही काढून एकामागून एक प्रश्न विचारले, ऑफिसच्या मीटिंगमध्ये विचारावेत तसे. 

मी एकच विचारलं. "पोहता येईल?"

मॅडमनी माझा कागद पुन्हा पाहिला. नौदल वाचलं असावं. म्हणाल्या, "नाही. अंघोळीला पण काळजी घ्यावी लागेल. त्या भोकातून पाणी थेट फुप्फुसात जातं."

"श्वास रोखून थोडा वेळ?"

"श्वास रोखणारी झडप स्वरयंत्रातच असते, काका. तीच जाणार."

मी एका दमात चार मिनिटं पाण्याखाली राहिलेला माणूस आहे. गावातली पोरं मला सावित्रीच्या डोहात पैज लावून उतरवायची, तेव्हापासूनचा हा एकच हुन्नर माझ्याकडे होता. शाळेत मी बेताचा, रंगरूप बेताचं, पण श्वास रोखायला लागलो की माझ्यासारखा कुणी नाही. त्याच हुन्नरावर नोकरी मिळाली, घर झालं, प्राचीचं इंजिनीअरिंग झालं.

परत येताना गाडी पाम बीच रोडने आली. उजवीकडे खाडीला भरती होती. मी प्राचीच्या खांद्यावर थोपटून थांब म्हणून खूण केली. "पप्पा, इथे थांबता येत नाही," असं म्हणून तिने गाडी पुढे काढली. ती आरशात बघून रडत होती.

नाही म्हणण्याचे दहा दिवस

दहा दिवस मी ऑपरेशनला नाही म्हणत होतो. कबूल करतो. मॅडमनी स्पष्ट सांगितलं होतं की नाही केलं तर काही महिने. तरी नाही. घरात कुणी कुणाशी धड बोलत नव्हतं. वंदना भांडी आपटायची. शेवटी एका सकाळी तिने विचारलं, "नक्की प्रॉब्लेम काय आहे तुमचा? आवाज?"

"आवाज गेला खड्ड्यात," मी घोगऱ्या आवाजात म्हणालो. "पाण्याशिवाय जगून करू काय मी?"

तिने हातातलं लाटणं ओट्यावर ठेवलं.

"बावीस वर्षं कुठे जाताय ते सांगितलं नाहीत. कधी येणार ते सांगितलं नाहीत. प्राची झाली तेव्हा तुम्ही कुठल्या पाण्याखाली होता ते मला अजून माहीत नाही. मी जगले ना तुमच्याशिवाय? पाण्याला सवत म्हणून घरात घेतलं मी, एका शब्दाने बोलले नाही. आणि आता तिच्यासाठी मरायला निघालात? मग मी कोण?"

 मी सदाला फोन लावला आणि त्याने माझा तो आवाज ऐकला. दुसऱ्या दिवशी एसटीने दारात हजर. एका पिशवीत भुईमुगाच्या शेंगा, दुसऱ्या पिशवीत कपडे. चहा पिऊन झाल्यावर म्हणाला, "इल्या, पानी कुठं पळून चाललंय का? ते हितंच हाय. तूच ऱ्हायला न्हाईस तर त्याच्याकडं बघायचं कुनी?"

एवढंच. लेक्चर नाही, काही नाही. मग शेंगा सोलत बसला. मी त्याच संध्याकाळी होकार दिला.

ॲडमिट व्हायच्या सकाळी प्राचीने मोबाइल पुढे धरला आणि म्हणाली, "पप्पा, 'प्राची, ऊठ, सात वाजले' असं म्हणा." मी म्हणालो. अजून तोच तिचा अलार्म आहे. मग मी बाथरूममध्ये गेलो, बादली काठोकाठ भरली आणि गुडघ्यांवर बसून डोकं आत घातलं. कानांत ती शांतता आली, सगळं जग बंद करणारी. बाहेरून वंदनाने दार बडवेपर्यंत मी तसाच होतो. माझी शेवटची डाइव्ह एका प्लास्टिकच्या बादलीत झाली. हसायचं असेल तर हसा.

वॉर्ड

जाग आली तेव्हा मी ओरडलो आणि काहीच झालं नाही. तोंड उघडलं, पोट आत गेलं, पण आवाज नाही. माहीत असूनही माणूस घाबरतो, म्हणून आधीच सांगून ठेवतो. त्याहून वाईट सक्शन. गळ्यातल्या भोकात नळी घालून चिकट कफ ओढून काढतात. पहिल्या वेळी वाटलं, हे लोक मला मारतायत. चौथ्या वेळी मी स्वतःच हाताने खूण करून बोलावत होतो. त्यानंतर जो श्वास येतो ना, त्याच्यासारखं सुख नाही.

दिनक्रम ठरलेला. पहाटे तपासणी, मग ड्रेसिंग, मग नाकातल्या नळीतून पेज. वंदना घरून भाताची पेज गाळून आणायची आणि नळीत ओतताना विचारायची, "मीठ बरोबर आहे का?" मग स्वतःच कपाळावर हात मारायची. वास येत नव्हता, चव येत नव्हती, पण त्या प्रश्नाने पोट भरायचं.

दुपारी ती स्टुलावर बसल्या बसल्या डुलक्या घ्यायची. मला काही लागलं तर हाक मारता येत नव्हती. बेलचं बटण बिघडलेलं, आणि तिला हलवायला हात पोचत नव्हता. सदा भेटायला आला, त्याने हे पाहिलं आणि खाली जाऊन नायलॉनची दोरी घेऊन आला. एक टोक माझ्या मनगटाला बांधलं, दुसरं तिच्या.

"वैनी, आता तुमी वरचा मानूस," त्याने तिला समजावलं. "तुमी एक झटका द्यायचा, ठीक हाय का म्हनून. त्यानं एक दिला तर ठीक. चार दिले तर सगळं टाकून उठायचं. आन एक ध्यानात ठेवा. ह्यो मानूस खोटा झटका देतो."

वंदनाने माझ्याकडे बघितलं. "म्हणजे?" सदाने तिला बोटीची गोष्ट सांगितली. पदकाची गोष्ट तिने शंभर पाहुण्यांना सांगितली होती, पण ही तिने पहिल्यांदाच ऐकली. मग तिने दोरीची गाठ तेवढी आणखी आवळली.

मोठ्या सिस्टर आधी ओरडल्या, मग हसल्या आणि त्यांनी दोरी राहू दिली. दोन दिवसांनी शेजारच्या बेडवरच्या आजोबांच्या बायकोने विचारलं, "आम्हाला पण मिळेल का हो वावभर दोरी?" सदाने कापून दिली. दुपारभर त्या दोघांचं झटके देणं चालायचं. पन्नास वर्षांच्या संसारात एवढं बोलले नसतील.

खोटा झटका

घरी आल्यावर दोरी आणखी वाढवली. माझ्या पलंगापासून पॅसेजमधून थेट स्वयंपाकघरात, आणि तिथे टोकाला वरण वाढायचा एक डाव बांधलेला. मी ओढलं की डाव टाइलवर वाजायचा. दर थोड्या वेळाने वंदना एक झटका द्यायची, मी एक द्यायचो. मला शेक चालू होता, घशात निखारे ठेवल्यासारखं व्हायचं, थुंकी गिळताना डोळ्यांतून पाणी यायचं. तरी एक झटका. ठीक आहे.

मार्चमधली दुपार होती, कोरडा उकाडा. भोकातला कफ वाळून घट्ट झाला आणि श्वास अर्धा झाला. आम्हाला शिकवलेलं काय? हवा कमी पडली तर घाबरायचं नाही, हालचाल करायची नाही, शांत राहायचं. मी शांत राहिलो. पडल्या पडल्या छताकडे बघत छोटे छोटे श्वास घेत राहिलो. आणि खरं सांगू? त्या क्षणी मला बरं वाटत होतं. कित्येक महिन्यांनी पाण्याखाली असल्यासारखं वाटत होतं.

स्वयंपाकघरातून एक झटका आला. मी एक झटका दिला.

विचार करून दिला नाही. हातानेच दिला, सोळा वर्षांच्या सवयीने. प्राची त्या दिवशी घरून काम करत होती, चार्जर शोधत खोलीत आली म्हणून वाचलो. माझी नखं निळी पडलेली तिने पाहिली. सिस्टरांनी शिकवल्याप्रमाणे सलाइनचे थेंब टाकले, सक्शन लावलं, आणि वाळलेला खडा निघाला. मी मोठ्याने श्वास ओढला तोवर वंदना दारात उभी होती. पिठाचे हात, डोळे मोठे.

"मी आत्ता विचारलं होतं," ती म्हणाली. "आत्ता. तुम्ही ठीक म्हणालात."

मी वही मागितली. तिने दिली नाही. पलंगापासून सुरुवात करून तिने पॅसेजभर दोरी सोडवत नेली, घडी घातली आणि माळ्यावर टाकली. प्राचीच्या जुन्या सायकलची घंटी उशाशी आणून ठेवली.

"लागेल तेव्हा वाजवा. खोटं बोलणाऱ्याची दोरी मी धरणार नाही."

नंतर तिने माझं सगळं केलं. ड्रेसिंग, पेज, औषधं, अगदी वेळेवर. पण विचारणं बंद केलं. आजारात दुखतं ते सगळं सहन होतं हो. घरातलं माणूस 'बरं वाटतंय का' असं विचारायचं थांबलं की मात्र फार एकटं वाटतं. आणि ते माझं मीच केलं होतं.

जे आठवतं

हळूहळू बरा झालो. बोलण्यासाठी एक छोटी झडप बसवली. भोकावर अंगठा ठेवला की बोलायचं, काढला की श्वास घ्यायचा. पहिला शब्द 'वंदना' म्हणालो. बेडूक डराव करतो तसा आवाज आला. प्राची म्हणाली, "पप्पा, मस्त! एकदम रोबोट!" वंदना आत निघून गेली, आणि नळ सोडल्याचा आवाज बराच वेळ येत होता.

वाससुद्धा थोडा परत आला. तोंड मिटून जांभई द्यायची, म्हणजे नाकात हवा खेळते, असं शिकवतात. पहिला वास आला तो खालच्या मजल्यावरच्या सुकटीचा. मी खिडकीत उभा राहून वेड्यासारख्या मिटल्या जांभया देत होतो.

अंघोळ बसून, कॉलरसारखं कव्हर लावून, तांब्याने छातीखाली. अंगावर पाणी पडतं पण त्याला अंघोळ म्हणवत नाही. मला आठवतो तो पहिला क्षण, डोकं आत गेल्या गेल्याचा. वरचे हुकूम, इंजिनं, वारा, सगळं एकदम तुटायचं आणि आपलंच काळीज ऐकू यायचं. कानांमागे गार पाणी लागायचं. ओठांवर मीठ. पाण्याखाली मला कधी कुणी जात विचारली नाही, गाव विचारलं नाही, तू ठीक आहेस का एवढंच विचारलं. मी दुपारी डोळे मिटून पडतो तेव्हा वंदनाला वाटतं झोपलो. मी खाली गेलेला असतो.

हे कमी होत नाही. बाकड्यावरच्या मित्रा, तुझं जे जाईल, गाणं असेल, भजन असेल, बाजारात ओरडून भाजी विकणं असेल, त्याची ओढ कमी होईल असं मी तुला सांगणार नाही. ती राहते. तिला घेऊन जेवता येतं, हसता येतं, एवढं मात्र खरं.

गुडघ्यापर्यंत

वर्ष झालं तेव्हा मी मॅडमना विचारलं, समुद्रात नुसतं उभं राहिलं तर? त्यांनी बराच विचार केला. "गुडघ्यापर्यंत. समुद्र शांत असताना. सोबत माणूस पाहिजे." त्याच्यापुढे एक बोटही नाही म्हणाल्या. हे माझ्यासाठी होतं, कुणी आपल्या मनाने करू नका.

घरी आलो. वंदना कपड्यांच्या घड्या घालत होती. मी अंगठा ठेवून विचारलं, "दोरी धरशील?"

ती घड्या घालत राहिली. मग म्हणाली, "खोटं बोललात तर?"

"मग सोडून दे. घरी निघून ये."

"सोडता आली असती तर केव्हाच सोडली असती," ती म्हणाली आणि स्टूल लावून माळ्यावर चढली.

रविवारी सकाळी उरणच्या किनाऱ्यावर गेलो. प्राची गाडीपाशी थांबली. लांबवर बंदरात शिरायला थांबलेली जहाजं एका रांगेत उभी होती. वंदनाने माझ्या कमरेला दोरी बांधली, सदाने शिकवली होती तीच गाठ. ओढून पाहिली. मग चपला बाजूला काढल्या, दुपट्टा कमरेला खोचला आणि वाळूत पाय रोवून उभी राहिली.

मी पाण्यात गेलो. घोटा, पिंढरी, गुडघा. पाणी कोमट होतं आणि वाळू पायाखालून सरकत होती. थांबलो. गुडघ्यावर हलक्या लाटा लागत होत्या. मीठ ओठांवर यायला चेहरा खाली न्यावा लागतो, तो मी नेला नाही. मिटली जांभई दिली आणि वास आला, तोच, खारा, शेवाळाचा, डिझेलचा.

आणि मी आणखी एक पाऊल टाकलं. टाकायचं नव्हतं. पाणी मांडीला लागलं. पुढे उतार होता, मला कळत होतं, सात-आठ पावलांवर ते छातीला लागलं असतं. मला मरायचं नव्हतं, खरंच नव्हतं. मला फक्त आत जायचं होतं. मला घरी जायचं होतं, असं वाटत होतं. दुसरं पाऊल उचललेलं होतं.

कमरेला एक झटका लागला.

ठीक आहेस का?

हात आपोआप दोरीवर गेला. एक झटका तयार होता, बोटांतच होता, सोळा वर्षं नि वर आणखी तो मार्चचा दिवस. मी दोरी मुठीत धरून उभा राहिलो. डोळ्यांतून पाणी वाहत होतं आणि हुंदका फुटायला माझ्याकडे गळा नव्हता. दोरीच्या त्या टोकाला ती थांबली होती. दुसरा झटका तिने दिला नाही. एकदाच विचारलं होतं.

मी झटका दिला. मग दुसरा. तिसरा. चौथा.

अठ्ठेचाळीस किलोंची बाई ती. तिने दोन्ही हातांनी असं ओढलं की मी जवळजवळ पाठीवर पडलो. पाण्याकडे तोंड करूनच मी मागे मागे सरकत आलो, ती ओढत राहिली, कोरड्या वाळूवर पोचलो तरी ओढत राहिली. तिचे तळहात सोलले होते. प्राची गाडीकडून धावत आली, "काय झालं? काय झालं?"

मी गळ्यावर अंगठा ठेवला. "मी ठीक नाहीये," म्हणालो.

वंदना वाळूत बसली होती, धापा टाकत. "माहितीये मला," ती म्हणाली. "तुमच्या तोंडून पाहिजे होतं."

मग आम्ही उठलो. पदराने करावं तसं तिने दुपट्ट्याच्या टोकाने माझा गळा टिपला, भोकाभोवतीची वाळू काळजीने काढली. कमरेची गाठ मी सोडायला गेलो तर तिने माझा हात बाजूला केला. किनाऱ्यावरून गाडीपर्यंत, येणाऱ्याजाणाऱ्यांच्या देखत, ती दोरी हातात धरून पुढे चालत होती आणि मी तिच्या मागे.